काव्य, कायदा आणि शाळेचें कपाट

मराठी कवितेच्या अर्वाचीन इतिहासांत एक प्रसंग असा आहे कीं, त्याची माहिती आमच्या विद्यार्थ्यांस पाठ्यपुस्तकांतील कविपरिचयावरून सहसा होत नाहीं. बा. सी. मर्ढेकर हें नांव वरच्या वर्गांतील मुलांच्या ओळखीचें असतें. 'नवकवितेचे प्रवर्तक' हें विशेषणही त्यांना पाठ असतें, आणि परीक्षेंत तें लिहून एखादा गुण पदरांत पाडून घेतां येतो. परंतु ज्या 'कांहीं कविता' या संग्रहापासून मराठी नवकवितेचा आरंभ झाला असें आम्ही वर्गांत सांगतों, तो संग्रह १९४७ सालीं प्रसिद्ध झाल्यावर लौकरच मुंबई सरकारनें त्यावर अश्लीलतेचा खटला भरला होता, हें किती जणांस ठाऊक असेल? देश नुकताच स्वतंत्र झालेला, सरकार आपलें, कवि आपला, आणि तोही आकाशवाणीच्या, म्हणजे सरकारच्याच, नोकरींतला. न्यायालयानें पुढें त्यांस निर्दोष ठरविलें, हें खरें. तथापि ज्या ग्रंथाबद्दल कवीला आरोपी व्हावें लागलें, त्याच ग्रंथाबद्दल आज त्याला मानाचें पान मिळतें, ही घटना नुसती नोंद करून सोडून देण्याजोगी नाहीं.

विद्यार्थिमित्रांनो, शाळेच्या वार्षिकांत असला विषय कशाला, असें कोणी विचारील. त्यास माझें उत्तर असें कीं, या खटल्याशीं तुमचा संबंध तुम्हांस वाटतो त्याहून फार जवळचा आहे. अश्लीलतेच्या प्रत्येक खटल्यांत फिर्यादी पक्षाचा एक साक्षीदार असा असतो कीं, ज्याला कोणी पुकारीत नाहीं, ज्याची उलटतपासणी कोणी घेत नाहीं, आणि तरीही ज्याच्या नांवावर सारा दावा उभा केलेला असतो. तो साक्षीदार म्हणजे कोवळ्या वयाचा वाचक, अर्थात् तुम्ही. तुमच्या हातीं हें पुस्तक पडलें तर काय होईल, या प्रश्नाच्या आधारें प्रौढ माणसांनीं काय लिहावें व काय वाचावें हें पुष्कळ काळ ठरविलें गेलें. तेव्हां या बाबतींत तुम्हांस व तुमच्या पालकांस विचार करण्याचा हक्क आहे, असें मला वाटतें.

मर्ढेकरांचा जन्म १ डिसेंबर १९०९ रोजीं खानदेशांत फैजपूर येथें झाला. पदवीपर्यंतचें शिक्षण त्यांनीं आपल्या पुण्यांतच, फर्ग्युसन महाविद्यालयांत घेतलें. १९२९ सालीं ते आय. सी. एस. च्या परीक्षेसाठीं विलायतेस गेले. त्या परीक्षेंत यश आलें नाहीं. पण १९३३ पर्यंतच्या तेथील मुक्कामांत युरोपांतील नव्या वाङ्मयाचा, चित्रकलेचा व सौंदर्यशास्त्राचा जो परिचय त्यांना झाला, तो मराठी भाषेच्या दृष्टीनें एका सनदी नोकरीहून निश्चितच अधिक मोलाचा ठरला. १९३९ सालचा त्यांचा 'शिशिरागम' हा पहिला संग्रह मात्र जुन्या भावगीतांच्याच वळणाचा होता. तो वाचून कोणाही अंमलदाराची झोंप उडण्याचें कांहीं कारण नव्हतें.

पुढें आलें तें महायुद्ध. गिरण्यांचे भोंगे, आगगाड्यांतील चेंगराचेंगरी, रेशनच्या रांगा, आणि १९४५ सालीं जपानवर पडलेले दोन अणुबाँब. माणूस हा यंत्रांतील एक खिळा होऊन बसला आहे, ही जाणीव ज्याला झाली त्याला चांदणें, वेली आणि प्रियेचे नयन यांवर पूर्वीसारखें लिहिणें अवघड जावें हें साहजिक आहे. मर्ढेकरांनीं ओवी आणि अभंग हे आपल्या घरचे जुने छंद उचलले, आणि त्यांत कारखान्यांतील, इस्पितळांतील व बाजारांतील शब्द घातले. इंग्रजी शब्द त्यांनीं मराठींत सर्रास वापरले. म्हणींची मोडतोड केली. संतांच्या बोलण्याची ढब घेऊन तिच्यांतून शहरांतील माणसाची फरफट सांगितली. पिंपांतल्या मेलेल्या उंदरांवरची त्यांची कविता १९४६ सालीं बडोद्याहून निघणाऱ्या 'अभिरुचि' मासिकांत आली, तेव्हां कित्येक वाचकांस ही आपली चेष्टा चालली आहे असेंच वाटलें. या कवितेचीं विडंबनें झालीं, सभांतून टवाळी झाली. उंदरासारखा गलिच्छ प्राणी कवितेंत येतो म्हणजे काय, हा प्रश्न त्या काळीं मोठ्या गंभीरपणें विचारला गेला. (आमच्या पाठ्यपुस्तकांत गणपतीच्या वाहनाला कधींच हरकत नव्हती, ही गोष्ट निराळी.)

येथें एक विसंगति ध्यानांत घेण्यासारखी आहे. मर्ढेकरांच्या कवितेवर दोन आक्षेप एकाच वेळीं घेतले गेले. पहिला आक्षेप असा कीं, ती दुर्बोध आहे. शिकलेल्या माणसालाही तिचा अर्थ लागत नाहीं. दुसरा असा कीं, ती अश्लील आहे. अजाण माणसाला ती बिघडवील. आतां जी कविता पदवीधरालाही कळत नाहीं, ती अजाण मुलाला कळून त्याचें शील बिघडेल कसें? हे दोन्ही आक्षेप एकत्र नांदूं शकत नाहींत. पण ते नांदले. आणि कसे नांदले याचा विचार केला म्हणजे नवें वाङ्मय आणि बंदी यांची गांठ वारंवार कां पडते, तें उमगतें. जी कविता आपल्याला समजत नाहीं, तिच्यांत आपल्याला ओळखीचे शब्द तेवढे दिसतात. अंधाऱ्या खोलींत शिरलेल्या माणसाला प्रथम जशी आरशाची चकाकीच दिसते, तसें हें आहे. बाकीची रचना, तिच्यांतील उपरोध, तिच्यांतील करुणा हें सारें अंधारांत राहतें. आणि शरीराच्या एखाद्या अवयवाचें नांव तेवढें चकाकत असतें. वाचक तें बोटानें दाखवितो आणि म्हणतो, 'पाहा, कवितेंत हेंच आहे.'

खरें पाहतां या कवितांतील शरीर मोहक नाहीं. तें थकलेलें, यंत्राला जुंपलेलें, पोटासाठीं विकलेलें शरीर आहे. त्याचें वर्णन वाचून कोणाची वासना चाळवेल, ही गोष्ट फार कठीण आहे; मन खिन्न मात्र होईल. ज्या ग्रंथांनीं खरोखर वासना चाळवते, त्यांची भाषा बहुधा फार गोड, अलंकारिक व जुन्या वळणाची असते, आणि म्हणूनच तीं पुस्तकें कित्येकदां सहज सुटून जातात.

मर्ढेकर नुसते कवि नव्हते. सौंदर्यशास्त्राचे ते गाढे अभ्यासक होते. 'आर्ट्स अँड मॅन' हा त्यांचा इंग्रजी ग्रंथ १९३७ सालचा. 'वाङ्मयीन महात्मता' १९४१ सालीं आला. आणि 'सौंदर्य आणि साहित्य' हा ग्रंथ १९५५ सालीं प्रसिद्ध झाला, ज्यास १९५६ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. त्याच वर्षीं २० मार्च रोजीं दिल्ली येथें त्यांचें निधन झालें. या अभ्यासाचा त्यांच्यावरील खटल्याशीं संबंध नाहीं असें वरवर पाहणाऱ्यास वाटेल. मला तर त्या आरोपाचें सर्वांत चांगलें उत्तर तेथेंच सांपडतें. कलाकृतीची रचना लयीच्या नियमांनीं होते, आणि हे नियम संवादाचे, विरोधाचे व समतोलाचे असतात, असा त्यांचा सिद्धान्त आहे. तो सोप्या रीतीनें सांगावयाचा तर चित्रकलेच्या तासाचा दाखला घेऊं. करड्या रंगाचा एक ठिपका काळ्या कागदावर काढला तर उजळ दिसतो. तोच पांढऱ्या कागदावर काढला तर मळकट दिसतो. ठिपका एकच, पण त्याचें 'असणें' शेजारच्या रंगावर अवलंबून. शब्दाचें, प्रतिमेचें, कवितेंतील भावनेचेंही असेंच आहे. एखादा ओंगळ शब्द प्रार्थनेच्या शेजारीं ठेवला तर तो प्रार्थनेची आर्तता वाढवितो. तोच उचलून निराळ्या कागदावर मांडला तर नुसता ओंगळ राहतो.

अश्लीलतेची फिर्याद करणारा नेमकें हेंच करीत असतो. तो तांबड्या पेन्सिलीनें ओळी अधोरेखित करतो, त्या ओळींचा उतारा तयार करतो, आणि तो उतारा न्यायासनापुढें ठेवतो. कवि म्हणतो, अर्थ संबंधांत आहे. फिर्यादी म्हणतो, अर्थ शब्दांत आहे. वरवर पाहतां हा वाद नीतीचा दिसतो, पण तो मुळांत वाचनाचा वाद आहे. त्यामुळें तो शाळेंतील भाषाशिक्षकाच्या अंगणांत येऊन पडतो, मग त्याला तें रुचो वा न रुचो.

विजया राजाध्यक्ष यांचा 'मर्ढेकरांची कविता: स्वरूप आणि संदर्भ' हा द्विखंडात्मक ग्रंथ १९९१ सालीं प्रसिद्ध झाला, व १९९३ चा साहित्य अकादमी पुरस्कार त्यास मिळाला. ग्रंथाच्या नांवांतील 'संदर्भ' हा शब्द मला फार महत्त्वाचा वाटतो. खटला झाल्यावर चाळीसांहून अधिक वर्षांनीं एक विदुषी त्याच कविता हातीं घेते आणि त्यांच्या आकलनासाठीं दोन खंड खर्ची घालते; आणि फिर्यादीला त्यासाठीं कांहीं अधोरेखित ओळी पुरल्या होत्या. अभ्यास आणि अभियोग यांतील अंतर दाखविण्यास याहून बोलकें उदाहरण मला सुचत नाहीं. वरच्या वर्गांतील ज्या मुलांस वाङ्मयाची गोडी आहे, त्यांनीं महाविद्यालयांत गेल्यावर हा ग्रंथ अवश्य पाहावा. तो एका बैठकींत वाचून होण्यासारखा नाहीं, आणि त्यानें कांहीं बिघडत नाहीं.

हें केवळ मराठींतच घडलें असें मात्र नव्हे. फ्रान्समध्यें बोदलेअर या कवीवर १८५७ सालीं खटला होऊन त्याला दंड झाला, आणि त्याच्या सहा कविता संग्रहांतून काढून टाकण्याचा हुकूम झाला. तो निकाल तेथील न्यायालयानें रद्द केला १९४९ सालीं, म्हणजे ब्याण्णव वर्षांनीं; आणि साधारण त्याच सुमारास आमच्याकडे मर्ढेकरांचा संग्रह आरोपी झालेला होता! आयर्लंडचा कादंबरीकार जेम्स जॉइस याच्या 'युलिसीज'चे भाग छापल्याबद्दल अमेरिकेंत एका मासिकाच्या दोन संपादिकांना १९२१ सालीं दंड झाला. ग्रंथ १९२२ सालीं पॅरिसमध्यें निघाला. आणि १९३३ सालीं न्यायमूर्ति वूल्झी यांनीं सबंध पुस्तक वाचून काढल्यावर त्यास अमेरिकेंत मोकळीक दिली. या न्यायाधीशाचा अभिप्राय मार्मिक आहे: कित्येक ठिकाणीं पुस्तक वाचून किळस येईल, पण वासना कोठेंही चाळवणार नाहीं, असा त्याचा आशय होता. जॉइसनें जी संज्ञाप्रवाहाची रीति रूढ केली, तिचाच प्रयोग मर्ढेकरांनीं 'रात्रीचा दिवस' या १९४२ सालच्या कादंबरींत केला होता. तेव्हां त्यांनीं युरोपांतून नवी रीति आणली, आणि तिच्या पाठोपाठ तिचें नशीबही आलें, असें म्हणण्यास हरकत नाहीं.

आतां त्या मुक्या साक्षीदाराकडे वळूं. १८६८ सालीं विलायतेंत एका पुस्तिकेवर खटला झाला. रोमन कॅथॉलिक पंथांतील पापकबुलीच्या प्रथेवर तींत टीका होती. म्हणजे भांडण मुळांत पंथाचें होतें. मुख्य न्यायाधीश कॉकबर्न यांनीं त्या वेळीं एक कसोटी घालून दिली: ज्यांचें मन अशा वाईट परिणामास सहज बळी पडेल, आणि ज्यांच्या हातीं असें लेखन पडण्याचा संभव आहे, त्यांना बिघडविण्याकडे लेखनाचा कल आहे काय, हें पाहावें. हीच 'हिक्लिन कसोटी' म्हणून प्रसिद्ध झाली व हिंदुस्थानांतील न्यायालयांतही चालली. वरवर पाहतां ती दयाळूपणाची दिसते. दुर्बळाचें रक्षण कोणाला नको आहे? पण तिचा परिणाम असा झाला कीं, समाजांतील सर्वांत कच्च्या वाचकाच्या मापानें सर्वांचे कपडे बेतले जाऊं लागले. आठव्या इयत्तेंतील मुलाचा सदरा शेतकऱ्यास, डॉक्टरास, आजोबांसही घालावयाचा. आणि त्यांत अंग मावलें नाहीं तर अंगाचा दोष.

गंमत अशी कीं, मुलांच्या रक्षणाची निराळी सोय कायद्यांत होतीच. भारतीय दंडसंहितेचें कलम २९२ हें अश्लील पुस्तकांविषयीं होतें, आणि लगेच पुढचें कलम २९३ हें वीस वर्षांखालील व्यक्तीला असें पुस्तक विकण्या-देण्याविषयीं होतें. म्हणजे लहान आणि मोठा असा भेद कायदा करणाऱ्यांस माहीत होता. तरीही मोठ्यांचा न्याय लहानांच्या नांवानें होत राहिला. 'लेडी चॅटर्लीज लव्हर' ही कादंबरी इंग्लंडांत १९६० सालीं सुटली. आणि तीच विकल्याबद्दल मुंबईच्या एका पुस्तकविक्रेत्याची शिक्षा आमच्या सर्वोच्च न्यायालयानें १९६४ सालीं कायम केली, तेव्हां हिक्लिन कसोटीलाच मान्यता मिळाली. १९६९ हें वर्ष मात्र थोडें उजाडल्यासारखें झालें. त्या वर्षीं कलम २९२ मध्यें दुरुस्ती होऊन शास्त्र, वाङ्मय, कला व विद्या यांच्या हितासाठीं केलेल्या प्रकाशनास संरक्षण मिळालें; आणि त्याच वर्षीं चंद्रकांत काकोडकर या मराठी लेखकास, 'रंभा' मासिकाच्या १९६२ सालच्या दिवाळी अंकांतील कथेबद्दल खालीं झालेली शिक्षा सर्वोच्च न्यायालयानें रद्द केली. समाजाचे मापदंड झपाट्यानें बदलत आहेत, आणि प्रौढांस तसेंच किशोरांसही प्रेम व शृंगार असलेलें पुष्कळ अभिजात वाङ्मय आज उपलब्ध आहे, अशा अर्थाचें विवेचन त्या निकालपत्रांत आहे. हिक्लिन कसोटी सर्वोच्च न्यायालयानें २०१४ सालीं स्पष्टपणें टाकून दिली. १ जुलै २०२४ पासून जुन्या दंडसंहितेच्या जागीं भारतीय न्याय संहिता आली आहे. तींतही अश्लील पुस्तकांचें कलम २९४ आणि मुलांना तीं विकण्याचें कलम २९५ हीं निरनिराळींच ठेविलीं आहेत.

तेव्हां सारें निवळलें, असें समजण्याचें कारण नाहीं. वसंत दत्तात्रेय गुर्जर यांच्या महात्मा गांधींवरील कवितेचें प्रकरण सर्वोच्च न्यायालयांत २०१५ सालीं निकालांत निघालें, तेव्हां वंदनीय ऐतिहासिक व्यक्तींविषयीं लिहितांना कसोटी अधिक कडक राहील असें ठरलें; कविता लिहिली गेल्यावर तीस वर्षें उलटून गेलीं होतीं. शिवाय बंदी ही नेहमीं सरकारच घालतें असेंही नाहीं. आपल्या पुण्याचेंच उदाहरण घ्या. विजय तेंडुलकरांच्या 'घाशीराम कोतवाल' नाटकाचा पहिला प्रयोग १६ डिसेंबर १९७२ रोजीं भरत नाट्य मंदिरांत झाला, आणि एकोणीस प्रयोगांनंतर तें नाटक थांबविलें तें तें बसविणाऱ्या संस्थेनेंच. सरकारचा हुकूम नव्हता. पुढें त्यांतील कलावंतांनीं निराळी संस्था काढून तें पुन्हां उभें केलें.

आणि आम्ही मिशनच्या शाळांतील शिक्षकांनींही एक नांव विसरूं नये. रघुनाथ धोंडो कर्वे हे मुंबईच्या विल्सन महाविद्यालयांत गणिताचे प्राध्यापक होते. संततिनियमनाचा प्रचार करतात म्हणून १९२५ सालीं त्यांना ती जागा सोडावी लागली. विल्सन हें मिशनचें महाविद्यालय. १९२७ पासून कर्व्यांनीं 'समाजस्वास्थ्य' मासिक चालविलें. त्यावर १९३१ व १९३४ सालीं खटले होऊन त्यांना दंड झाला, आणि दुसऱ्या खटल्यांत त्यांची बाजू मांडण्यास डॉ. बाबासाहेब आंबेडकर उभे राहिले होते. ज्या गोष्टी आज सरकारी दवाखान्याच्या भिंतीवर लिहिलेल्या असतात, त्या लिहिल्याबद्दल एका गणिताच्या प्राध्यापकाची जीविका गेली; आणि ती घेणारे लोक सज्जन होते, धर्मनिष्ठ होते, तरुणांचें कल्याण इच्छिणारे होते. हें मी मुद्दाम सांगतों. कारण बंदी घालणारा मनुष्य दुष्टच असला पाहिजे अशी एक बाळबोध समजूत आपल्यांत असते. तो बहुधा आपल्याचसारखा असतो.

येथें पालकांचा एक आक्षेप येईल, आणि तो खरा आहे. 'मास्तर, कविता थोर असेल; पण माझी मुलगी तेरा वर्षांची आहे. तिच्या हातीं काय द्यावें हें ठरविण्याचा अधिकार मला नाहीं काय?' अवश्य आहे. आणि तो अधिकार शाळेलाही आहे. आम्ही रोजच तो वापरतों. पांचवीच्या मुलांस मर्ढेकर शिकविण्याचें माझ्या मनांतही येणार नाहीं. तुकाराममहाराजांचे कांहीं अभंग इतक्या रोखठोक शब्दांत आहेत कीं, ते लहान वर्गांत आम्ही घेत नाहीं. आणि त्याच तुकारामांची संपूर्ण गाथा १८६९ सालीं मुंबई सरकारच्या द्रव्यसाह्यानें छापली जाऊं लागली होती. (ज्यांच्या वह्या इंद्रायणींत बुडवाव्या लागल्या असें परंपरा सांगते, त्यांना पुढें सरकार छापखाना मिळवून देतें, हाही एक काव्यगत न्यायच म्हणावयाचा.) वयाप्रमाणें निवड करणें हें शिक्षणाचें अंगच आहे, आणि बंदी ही त्याहून सर्वस्वी वेगळी वस्तु आहे. निवड करणारा आपलें नांव सांगतो, कारण सांगतो, आणि मुदत सांगतो: 'हें पुस्तक तुला नववींत मिळेल, तोंवर नाहीं, आणि हें मी ठरविलें.' बंदी घालणारा यांतलें कांहींच सांगत नाहीं. पुस्तक एके दिवशीं जागेवर नसतें, एवढेंच.

एका संस्थेच्या ग्रंथालयांत मीं एक जुना कवितासंग्रह पाहिला होता. त्यांतील दोन पानें कोणा अज्ञात हितचिंतकानें डिंकानें एकमेकांस चिकटविलेलीं होतीं. सबंध पुस्तक नव्यासारखें कोरें. फक्त त्या जोडपानाच्या कडा बोटांनीं काळ्या पडलेल्या. मुलांच्या कित्येक पिढ्यांनीं तें पान उजेडासमोर धरून पाहिलें असलें पाहिजे. त्या पिढ्यांना त्या संग्रहांतील दुसरी एकही कविता आठवत नसेल, हें मी पैजेवर सांगूं शकतों.

गेल्या वर्षीं एक सद्गृहस्थ असेंच एक पुस्तक घेऊन मजकडे आले. आधुनिक मराठी कवितांचा तो संग्रह होता, आणि त्यांच्या मुलानें शाळेच्या ग्रंथालयांतून तो घरीं नेला होता. एक पान दुमडलेलें होतें, दोन ओळी अधोरेखित होत्या. 'हें पुस्तक काढून टाका,' एवढीच त्यांची मागणी होती. मीं त्यांस विनंति केली कीं, आपण दोघांनीं ती कविता पहिल्यापासून शेवटपर्यंत मोठ्यानें वाचावी. त्यांनीं ती वाचली. वाचून झाल्यावर त्यांचें मत बदललें नाहीं, आणि तें बदलावें असा माझाही हट्ट नव्हता. परंतु ते म्हणाले, 'कविता वाईट नाहीं, पण माझ्या मुलाला आतां नको.' या दोन वाक्यांत मला जमीनअस्मानाचें अंतर दिसतें. पहिल्या वाक्यांत पुस्तक सर्वांकरितां जात होतें. दुसऱ्यांत तें एका मुलाकरितां, कांहीं काळ थांबत होतें. त्यांच्या मुलाबद्दलचा शब्द अर्थातच त्यांचा. शेजारच्या मुलाबद्दलचा शब्द मात्र शेजाऱ्याचा.

मुलांच्या खिशांत आज मोबाइल फोन आहे, आणि त्याच्या पडद्यावर काय येतें हें पालकांना माझ्याहून अधिक ठाऊक आहे. त्या प्रवाहाला शाळेचें कपाट बंद करून अडवितां येत नाहीं. उलट ग्रंथालय हीच एक जागा अशी उरली आहे, जेथें मूल काय वाचतें तें एका मोठ्या माणसाला माहीत असतें, आणि न समजलेलें विचारण्यास तो मोठा माणूस समोर बसलेला असतो. पडद्यावर शरीर दिसतें तें विकावयास काढलेलें. मर्ढेकरांसारख्या कवीच्या ओळींत तेंच शरीर श्रमतें, झिजतें, लाजतें, आणि देवाला हांक मारतें. या दोहोंपैकीं दुसरें कपाटांतून काढावयाचें आणि पहिलें खिशांत राहूं द्यावयाचें, हा सौदा मला तरी तोट्याचा वाटतो.

म्हणून येत्या जून महिन्यापासून ग्रंथालयांत एक वही ठेवावी, अशी सूचना मीं मुख्याध्यापकांकडे केली आहे. जें पुस्तक कोणत्याही इयत्तेस द्यावयाचें नाहीं असें ठरेल, त्याचें नांव त्या वहींत लिहावें. कोणत्या इयत्तेपर्यंत, कोणत्या कारणास्तव, आणि कोणाच्या सहीनें, हें त्यापुढें लिहावें. आणि दर वर्षीं ती नोंद पुन्हां पाहावी. पालकांनाही त्यांत आपल्या पाल्यापुरती सूचना लिहितां येईल, अर्थात् सहीनिशीं. कोणतेंही पान फाडावयाचें नाहीं, चिकटवावयाचें नाहीं, शाईनें काळें करावयाचें नाहीं. वही कुलपांत न ठेवतां टेबलावर राहील, म्हणजे तींत काय लिहिलें आहे तें मुलांनाही वाचतां येईल. वर सांगितलेला संग्रह त्या वहींतील पहिली नोंद व्हावा, असें माझें मत आहे: 'इयत्ता आठवीपर्यंत नाहीं, नववीपासून मागेल त्यास.' कारणाच्या रकान्यांत काय लिहावें, याचा विचार अजून चालू आहे.